मालकिणीचा पार्ट

नववीत असताना आमच्या गॅदरिंगला सरांनी जे नाटक बसवलं, त्यात मी मजूरबाई झाले होते आणि माझी मैत्रीण मालकीण. घरी बरोबर उलटं होतं. आमची जमीन होती, बऱ्यापैकी होती, आणि तिची माय आमच्याच शेतात बायांची टोळी घेऊन खुरपायला, काढणीला, कापूस वेचायला यायची. सकाळी आमचं अंगण आणि गोठा झाडायलाही तीच. आम्ही दोघी जळकोट तालुक्यातल्या एकाच गावच्या. एकाच जीपमध्ये कोंबून शाळेला जायचो, एकाच बाकावर बसायचो. मधल्या सुट्टीत डबा मात्र जिचा तिनं वेगळा खायचा. असं का, ते कुणी आम्हाला विचारलं नाही, आणि आम्हीही एकमेकींना विचारलं नाही.

नाटक सरांनी स्वतः लिहिलं होतं. सर मराठी शिकवायचे, तब्येतीनं किरकोळ, आवाज मात्र ग्रामपंचायतीच्या भोंग्याएवढा. गोष्ट साधी होती. भर उन्हात खुरपणीला बसलेली एक बाई चक्कर येऊन पडते. मग मालक, मालकीण, त्यांचा कॉलेजात जाणारा पोरगा, जीपवाला, सगळे एकेक करून सांगतात की माझा काय संबंध? शेवटी मालकीण पुढं येते आणि कबूल करते. एवढंच. सरांनी तालमीच्या पहिल्या दिवशी फळ्यावर लिहिलं, 'वर्गभेद' आणि 'सामाजिक जबाबदारी', आणि दोन्ही शब्दांखाली रेघ मारली. याच जातकुळीतला आणखी एक शब्द होता, तो गावात प्रत्येकाला जन्मापासून पाठ होता. तो सरांनी लिहिला नाही आणि आम्हीही तोंडातून काढला नाही.

पार्ट वाटताना सगळ्यांना वाटलं मीच मालकीण. मलाही तसंच वाटलं. पण सरांचं डोकं तिरपं चालायचं. ते म्हणाले, जे घरी रोज बघता ते स्टेजवर करायला काय अक्कल लागते? उलटं करा, म्हणजे कळेल. आणि त्यांनी नावं फिरवली. माझ्या मैत्रिणीला हसू आवरेना. मला राग आला होता, पण सरांपुढं राग दाखवायची सोय नव्हती.

घरी मी हे सांगितलं नाही. नाटकात काम मिळालंय, एवढंच सांगितलं. आईनं आपली समजूत करून घेतली की पोरगी मालकीण होणार, आणि कपाटातून तिची हिरवी जरीकाठाची साडी काढून दिली. घडी मोडू नको, म्हणाली. मी ती शाळेत नेऊन मैत्रिणीच्या हातात दिली. तिनं मला तिच्या मायचं कामावरचं लुगडं आणि त्यावर घालायचा बाप्याचा जुना फुलशर्ट आणून दिला. आमच्याकडं बाया उन्हापासून आणि काट्यांपासून हात वाचावे म्हणून साडीवर असा शर्ट घालतात. त्याच्या बाह्या माझ्या बोटांच्याही खाली येत होत्या.

तालीम शाळा सुटल्यावर असायची, जीप यायच्या वेळेपर्यंत. मला खुरपं धरता येत नव्हतं. शेताच्या मालकाची पोरगी आणि खुरपं कुठून धरतात ते ठाऊक नाही, यावर सगळ्या पोरी खुश होत्या. मैत्रिणीनं मला शिकवलं. उकिडवं बसायचं, उठायचं नाही, बसल्या बसल्याच पुढं सरकायचं, डाव्या हातानं गवत धरायचं आणि उजव्या हातानं मुळापाशी खुरपं घालायचं. मी दोन मिनिटांत मागं कलंडायची. ती म्हणायची, अशी खुरपलीस तर पुढच्या दिवाळीला बांध दिसंल. पाच मिनिटं बसलं की माझ्या पायांना मुंग्या यायच्या आणि मग पाय आहेत की नाहीत तेच कळायचं नाही. तिला विचारलं, तुला नाही का येत मुंग्या? ती म्हणाली, येतेत की. मग आपोआप जातेत.

तिला मात्र मालकीण जमत नव्हती. ती कमरेवर हात ठेवून, डोळे मोठे करून, टीव्हीवरच्या खाष्ट सासूसारखी ओरडायची. सर वैतागले. ते म्हणाले, अगं मालकीण ओरडत नसते, तिला ओरडायची गरजच नसते. पण म्हणजे नेमकं काय करायचं ते त्यांनाही दाखवता येईना. तेव्हा मी उठले आणि म्हणाले, सर, मी दाखवू का?

आणि मी माझ्या आईची नक्कल केली.

मी वर्गात कशातच पुढं नव्हते. गणितात जेमतेम, इंग्रजीत त्याहून जेमतेम, गाणं नाही, खेळ नाही. त्या दिवशी पहिल्यांदा सगळा वर्ग माझ्याकडं बघत होता. आई बांधावर कशी उभी राहते ते दाखवलं. काट्यात अडकू नयेत म्हणून साडीच्या निऱ्या डाव्या हातानं जराशा उचललेल्या, शेतात कधी बसायचं नाही, आणि बायांची मोजणी बोट न दाखवता नुसते ओठ हलवून करायची. पाणी देताना तांब्या उंच धरून त्यांच्या ओंजळीत ओतायचं आणि बघायचं मात्र दुसरीकडं, जणू पाणी आपोआप पडतंय. एखादी कंबर मोडून आली म्हणून जरा उभी राहिली की आई शांतपणे म्हणायची, 'आभाळ बघायला बोलावलंय का गं तुम्हाला?' ते वाक्य मी आईच्या सुरात म्हटलं आणि पोरी हसून लोळल्या. मैत्रीण सगळ्यात जास्त हसली. तिनं ते वाक्य मायच्या तोंडून शंभरदा ऐकलं असेल.

इथं थांबले असते तर काही बिघडलं नसतं. पण टाळ्यांची चटक वाईट. हात दाखवून अवलक्षण करून घेणं म्हणतात ते हेच. मी आणखी एक वाक्य सांगितलं. ते शेतातलं नव्हतं, स्वयंपाकघरातलं होतं. आई सकाळी बायांसाठी फडक्यात आदल्या दिवशीच्या भाकरी बांधायची. एकदा मी विचारलं होतं की आज ताज्या थापल्यात की, त्या का नाही देत? आई भाकरी बांधता बांधता म्हणाली होती, 'ताजी दिली की उद्या बी मागतेत. शिळी दिली की एकदाच खातेत.' ती रागानं म्हणाली नव्हती. दूध उतू चाललंय असं जितक्या सहज सांगावं तितक्या सहज म्हणाली होती. चुलीपुढं आम्ही दोघीच होतो.

मी ते तालमीत म्हणून दाखवलं. पोरी हसल्या. मैत्रीणही हसली, आणि मग तिनं विचारलं, 'खरंच म्हणती?' मी म्हणाले, हाव. मग तिनं मला ते वाक्य दोनदा म्हणायला लावलं, सूर नीट पकडावा म्हणून. सरांनी वही उघडली आणि लिहून घेतलं. म्हणाले, असं वाक्य खुर्चीत बसून सुचत नसतं. मला अभिमान वाटला. दुसरं काही वाटलं असेल असं मला आठवत नाही, आणि मी बरंच आठवून बघितलं आहे.

गॅदरिंग डिसेंबरात होतं. शाळेच्या मैदानात मांडव, पुढं खुर्च्या, मागं सतरंज्या, त्याच्याही मागं उभे राहणारे. माझ्या वडिलांनी मांडवासाठी देणगी दिली होती म्हणून त्यांना आणि आईला पुढच्या रांगेत खुर्च्या मिळाल्या. मैत्रिणीची माय अगदी मागं, आमच्याच टोळीतल्या चार-पाच बायांबरोबर उभी होती. त्या दिवशी दुपारून आईनंच त्यांना सुट्टी दिली होती. पोरीचं नाटक हाय, जा, म्हणाली होती.

पडदा उघडला तेव्हा मी स्टेजवर उकिडवी बसलेले, अंगात तो फुलशर्ट. आईनं मला लगेच ओळखलं नाही. ती मला शोधत विंगेकडं बघत होती, हे मला बसल्या जागेवरून दिसत होतं. मग विंगेतून मैत्रीण आली. अंगावर आईची हिरवी साडी, निऱ्या डाव्या हातानं जराशा उचललेल्या. ती बांधावर उभी राहिली, म्हणजे दोन बाकं जोडून केलेल्या बांधावर, आणि तिनं ओठ हलवून आम्हाला मोजलं. अजून एकही वाक्य झालं नव्हतं आणि मागच्या बाया हसायला लागल्या.

ती फार चांगली करत होती. मी केलेल्या नकलेपेक्षा कितीतरी चांगली, कारण माझ्या नकलेत आई विनोदी होती आणि तिच्या कामात आई फक्त आई होती. तिनं ओंजळीत पाणी ओतलं आणि दुसरीकडं बघितलं. तिनं आभाळाचं वाक्य म्हटलं आणि सगळा मांडव हसला, आमच्या गावचे लोक मागं वळून वळून एकमेकांना सांगायला लागले. वडीलही हसले. आईच्या तोंडावर पाहुण्यांपुढं ठेवतो तसलं हसू होतं. मग भाकरीचं वाक्य आलं. पुढच्या रांगा हसल्या. मागून हसू आलं नाही. मी मान वर करून बघितलं तर मैत्रिणीची माय पदर तोंडाशी धरून उभी होती. तिच्या पोरीनं तिला आधी काही सांगितलं नव्हतं, हे तिच्याकडं बघूनच कळत होतं. ती भाकर ती इतकी वर्षं खात होती.

पुढं मी ठरल्याप्रमाणं चक्कर येऊन पडले. पडून राहण्याचं काम मला छान जमलं. शेवटी मैत्रीण स्टेजच्या पुढं येऊन म्हणाली, 'हिला उन्हात मी बसवली. जिम्मा माझा हाय.' टाळ्या पडल्या. आईनंही वाजवल्या, सगळे वाजवत होते म्हणून. मुख्याध्यापकांनी नाटकातून समाजाला संदेश मिळाल्याचं सांगितलं. मैत्रिणीला उत्कृष्ट अभिनयाचं बक्षीस म्हणून स्टीलचा डबा मिळाला.

घरी आल्या आल्या आईनं हिरवी साडी बादलीत भिजत घातली. ती साडी कधी घरी धुतली जात नव्हती. मग ती स्वयंपाकघरात आली. मी माठाजवळ पाणी पीत होते.

'ते भाकरीचं तू सांगितलीस का तिला?' आईनं विचारलं.

मी म्हणाले, 'न्हाई.'

हे खोटं मी ठरवून बोलले नाही. पाणी पिताना ठसका लागावा तसं ते आलं. आई माझ्याकडं बघत राहिली. मग म्हणाली, 'मग तिच्या मायनं मागच्या दारातून ऐकलं असल. सकाळी अंगण झाडायला असतीच की ती.'

मला फक्त गप्प राहायचं होतं. मी गप्पसुद्धा राहिले नाही. मी म्हणाले, 'असल.'

सुंठीवाचून खोकला गेला, असं मला वाटलं. खरोखर हेच शब्द मनात आले. मी जेवले आणि झोपले.

दुसऱ्या दिवशी आईनं निरोप पाठवला की उद्यापासून येऊ नका. भांडण नाही, शिवी नाही. चोरून ऐकणारं माणूस दारात नको, एवढंच म्हणाली. तूर काढणीला आली होती, ती काढायला शेजारच्या गावची टोळी बोलावली. अंगण झाडायला दुसरी बाई आली. कुणीतरी मोबाइलवर नाटकाचं शूटिंग केलं होतं, ते गावाच्या ग्रुपवर फिरत होतं, आणि पुढचे आठ दिवस आमच्या गल्लीतून जाताना पोरं 'आभाळ बघायला बोलावलंय का' असं म्हणून पळायची. आई ऐकून न ऐकल्यासारखं करायची. एकदा मी तिला मागच्या खोलीत तो व्हिडिओ आवाज बंद करून बघताना पाहिलं.

शाळेत मैत्रीण माझ्याशेजारीच बसत होती. ती काही विचारत नव्हती आणि मी काही सांगत नव्हते. सरांनी सगळ्यांना निबंध लिहायला दिला, 'नाटकातून मी काय शिकलो'. मी दोन पानं लिहिली. श्रमणाऱ्याच्या घामाची किंमत आपण जाणली पाहिजे, चूक झाली तर ती कबूल करण्याचं धैर्य पाहिजे, असलं सगळं मला भराभर सुचलं. सरांनी तो वर्गात वाचून दाखवला. दिव्याखाली अंधार म्हणतात, पण त्या दिव्याला अंधाराचा पत्ता तरी नसतो, मला होता. मैत्रीण वाचन संपेपर्यंत सरांच्या हातातल्या माझ्या वहीच्या पुठ्ठ्याकडं बघत बसली. तिनं अर्धं पान लिहिलं होतं. ते सरांनी वाचलं नाही.

आठवडाभरानं येळवस आली. लातूरकडं या अमावस्येला सगळा जिल्हा शेतात जातो. गावं ओस पडतात, लातूर शहरातसुद्धा दुकानं बंद असतात. कडब्याची कोपी बांधायची, आत दगडाचे पांडव मांडून पूजा करायची, आणि मग भज्जी, आंबील, बाजरीचे उंडे, जितकं जाईल तितकं. ज्यांना शेत नाही ते कुणाच्या ना कुणाच्या शेतात जातात. त्या दिवशी बांधावरून जाणाऱ्या कुणालाही जेवायला बोलवायचं असतं, ज्याच्याशी बोलणं नाही त्यालाही. मैत्रिणीचं घर वर्षानुवर्षं आमच्या शेतात यायचं. कोपी तिचा बाप बांधायचा. त्या वर्षी कोपी वडिलांनी बांधली आणि ती एका बाजूला झुकली.

दुपारी ते सगळे आमच्या बांधावरून चालले होते, पलीकडच्या कुणाच्या तरी शेतात. वडिलांनी रीतीप्रमाणं हाक मारली, या जेवायला. मैत्रिणीच्या मायनं लांबूनच हात जोडले. आवतन दुसरीकडं हाय मालक, म्हणाली. आई कोपीत होती. ती बाहेर आली नाही. बाकीचे पुढं गेले आणि मैत्रीण माझ्याजवळ थांबली. मायचं लुगडं आणि शर्ट अजून माझ्याकडंच होते, ते आणून दे, असं तिनं सांगितलं. मी म्हणाले, उद्या आणते. मग तिनं विचारलं.

'सांगितलीस का आईला?'

'न्हाई.'

'सांगणार हायस?'

मी म्हणाले की आई लई चिडली असती.

'मारली असती?'

'मारली असती.'

ती म्हणाली, 'मारली असती, अन् संध्याकाळी जेवायला वाढली असती.'

ती हे भांडायच्या आवाजात बोलली नाही. गणितात माझी पायरी चुकली की ती याच आवाजात दाखवून द्यायची. मग ती मायच्या मागं पळत गेली. मी कोपीत येऊन जेवायला बसले. भज्जी चांगली झाली होती, मी दोनदा घेतली. हे लिहायला लाज वाटते, पण त्या दिवशी वाटली नव्हती. उकिडवं बसून पाय जातात ना, तसं माझं सगळंच गेलं होतं. फरक इतकाच की मुंग्यासुद्धा येत नव्हत्या.

पुढचं थोडक्यात सांगते. आमचं काम सुटल्यावर गावातल्या इतर दोन-तीन मोठ्या घरांनीही तिच्या मायला बोलावणं बंद केलं. ज्या घरातलं बोलणं बाहेर जातं त्या घरातली बाई कुणाला नको असते, आणि प्रत्येक घराच्या चुलीपुढं काही ना काही बोललेलं असतंच. मग तिची माय उदगीरकडं टेम्पोनं जाणाऱ्या टोळीत जायला लागली. टेम्पो उजाडायच्या आत निघायचा. घरचा स्वयंपाक, धाकट्या भावंडांचं आवरणं मैत्रिणीवर आलं. ती शाळेला आठवड्यातून तीन दिवस यायला लागली, मग दोन. दहावीला ती वर्गात नव्हती. सतरा नंबरचा फॉर्म भरून तिनं बाहेरून परीक्षा दिली आणि पास झाली, माझ्यापेक्षा थोड्याच कमी मार्कांनी. नंतर लग्न होऊन देगलूरकडं गेली. हे सगळं माझ्यामुळं झालं असं म्हणणं हाही एक मोठेपणाच होईल. तिचं लग्न तसंही लवकरच झालं असतं, असं आमच्या गावात कुणीही सांगेल. पण दहावीचं वर्ष तिनं वर्गात, माझ्याशेजारी, बाकावर बसून काढलं असतं. तेवढं नक्की माझ्यामुळं गेलं.

मी बारावीनंतर लातूरला एम.ए.पर्यंत कॉलेज केलं आणि मग बी.एड.ला नांदेडला आले. बी.एड.मध्ये सराव पाठ घ्यावे लागतात. कुठल्या तरी शाळेत जायचं, वर्गावर शिकवायचं, आणि मागच्या बाकावर बसून एक निरीक्षक तुम्हाला मार्क देणार. पाठाच्या टाचणात एक रकाना असतो, या पाठातून कोणती मूल्यं रुजवणार? मला नाट्यउतारा शिकवायचा होता. का कोण जाणे, मी आमच्या सरांना फोन केला. ते निवृत्त झाले होते. त्यांनी जुनी वही शोधून पानांचे फोटो पाठवले. सरांच्या अक्षरात आईचं वाक्य तसंच होतं. मी रकान्यात लिहिलं, 'वर्गभेदाची जाणीव, सामाजिक जबाबदारी.' अडखळले वगैरे नाही. लिहिलं.

नांदेडच्या त्या शाळेत नववीच्या पोरांनी तो प्रवेश वाचला. मी प्रश्न विचारले, पोरांनी उत्तरं दिली. मालकीण शेवटी खरं बोलली, ती चांगली वागली, असं बहुतेकांचं मत पडलं. मग तिसऱ्या बाकावरची एक मुलगी उभी राहिली आणि म्हणाली, 'मॅडम, मालकिणीनं जिम्मा घेतला, पण त्यात तिचं काय गेलं?'

मी म्हणाले, चांगला प्रश्न आहे, घरी विचार करून या. निरीक्षकांनी शेरा दिला, 'प्रश्नोत्तरे समाधानकारक.' ती मुलगी खाली बसली.

शनिवारी मी बस पकडून गावी गेले. नाटकाला दहा वर्षं झाली होती. वाटेत मी वाक्य जुळवत होते. आईला सांगायचं, मग मैत्रिणीच्या मायच्या घरी जायचं आणि तिलाही सांगायचं, मग मैत्रिणीला फोन लावायचा. मला वाटत होतं की माझ्याकडं एक गोष्ट आहे जी कुणालाच माहीत नाही, आणि ती सांगितली की निदान त्या बाईच्या नावावरचा चोरून ऐकल्याचा डाग तरी जाईल. हे मी दहा वर्षांपूर्वी केलं नाही, पण आता तरी करते आहे, असं मी स्वतःला सांगत होते.

आई ओट्यावर सुपात तूर घेऊन खडे निवडत बसली होती. गुडघ्यांमुळं आता तिला पाय लांब करून बसावं लागतं. मी चप्पल काढली, पाणी प्याले आणि तिच्यासमोर बसून सरळ सांगितलं. म्हणाले, 'नाटकातलं ते भाकरीचं मीच सांगितलं होतं. तिच्या मायनं काही ऐकलं नव्हतं.'

आईचं निवडणं थांबलं नाही.

'मला ठावं हाय,' ती म्हणाली.

'कवापासून?'

'त्याच दिवशी. चुलीपुढं तुझ्याबिगर दुसरं कोण होतं?'

मी मग विचारलं, 'मग तिच्या मायला कशाला काढलीस?'

आईनं एक खडा बोटांत धरून अंगणात टाकला आणि माझ्याकडं बघितलं. तिला माझा प्रश्नच कळला नव्हता, असं वाटलं.

'मग काय तुला काढू?'

एवढं बोलून ती पुन्हा सुपात बघायला लागली. मला रडू यायला हवं होतं, निदान राग तरी. काहीच आलं नाही. मी तिथंच बसून हिशेब लावत होते. मैत्रिणीला पहिल्यापासून माहीत होतं. आपल्या पोरीला ते वाक्य कुणी दिलं, हे मैत्रिणीच्या मायला त्या मांडवातच कळलं असणार. आणि आईला माठाजवळच कळलं होतं. माझ्या त्या 'न्हाई'ला कुणीच फसलं नव्हतं. आईला फक्त घरातल्या कुणीतरी 'न्हाई' म्हणायला हवं होतं, आणि ते मी म्हणाले होते.